ताबा तुमचा, सातबारा दुसऱ्याचा : न्यायालयात काय मागाल, कधी मागाल?

पेरणीचे दिवस जवळ आले की भद्रावती, वरोरा, चिमूर भागातून एकच प्रश्न दोन बाजूंनी येतो. एक जण विचारतो, ‘सातबारा माझ्या नावावर आहे, मग पोलीस त्याला वावरातून काढत का नाहीत?’ दुसरा विचारतो, ‘वीस-पंचवीस वर्षं मी हे वावर वाहतो आहे. सातबारा त्याच्या नावावर आहे म्हणून तो उद्या उभ्या पऱ्हाटीत ट्रॅक्टर घालू शकतो का?’

दोघांना एकच गोष्ट सांगायची आहे. जमीन कोणाच्या मालकीची हा एक प्रश्न आणि आज ती कोणाच्या ताब्यात आहे हा दुसरा. न्यायालय या दोन्हींचा निकाल वेगवेगळा करू शकतं. मालकीचा निकाल लागायला वर्षं जातात, तोपर्यंत वावर कोणी वाहायचं हे गावातल्या दांडगाईवर सोडता येत नाही. म्हणून ताब्याला स्वतंत्र संरक्षण दिलेलं आहे, आणि काही वेळा ते खुद्द मालकाविरुद्धसुद्धा मिळतं. पण त्याला मुदत आहे. ही मुदत हातची गेल्यामुळे बुडालेले लोक खोट्या कागदांमुळे बुडालेल्यांपेक्षा कमी नाहीत.

आधी आपण कुठे उभे आहोत ते ठरवा

वकिलाकडे जाण्याआधी खालीलपैकी आपली स्थिती कोणती ते स्वतःशी नक्की करा. चुकीचा दावा लावला तर चांगली बाजूही हातची जाते.

- ताबा तुमच्याकडे आहे, पण कोणी हुसकावण्याची धमकी देतो आहे. तुम्हाला मनाई हुकूम हवा.
- ताबा जबरदस्तीने किंवा चोरून काढून घेतला आणि सहा महिने झालेले नाहीत. तुम्हाला ताबा परत हवा. मालकी सिद्ध करण्याची गरज नाही.
- ताबा जाऊन सहा महिने उलटले. दार बंद झालेलं नाही, पण आता नुसता ताबा गेला एवढं सांगून भागणार नाही.
- तुम्ही मालक आहात आणि ताबा दुसऱ्याकडे आहे. तुम्हाला मालकीच्या आधारे ताब्याचा दावा लावावा लागेल. तुम्ही स्वतः जाऊन ताबा घ्यायचा नाही.

कोणत्या ताब्याला संरक्षण मिळतं?

काल रात्री कुंपण तोडून आत शिरलेल्या माणसाच्या ताब्याला न्यायालय ताबा मानत नाही. न्यायालयाच्या भाषेत तो ‘स्थिर ताबा’ असावा लागतो. सर्वोच्च न्यायालयाने १९६७ आणि १९७५ सालच्या निकालांत त्याच्या खुणा सांगितल्या आहेत. ताबा प्रत्यक्ष असावा आणि पुरेसा काळ चाललेला असावा. तो मालकाला माहीत असावा, लपूनछपून नसावा. ताबेदाराच्या मनात जमीन आपल्याकडे ठेवण्याचा इरादा असावा. शेतजमीन असेल तर आणखी एक गोष्ट पाहिली जाते: त्याने तिथे पीक घेतलं का?

ही शेवटची खूण आपल्या भागात सगळ्यांत महत्त्वाची आहे. ताबा स्थिर झालेल्या माणसाने पेरलेलं पीक उभं असताना खऱ्या मालकालाही ते मोडून ताबा घेता येत नाही, तो माणूस अतिक्रमण करणारा असला तरीही. आपल्या गावांत नेमकं याच्या उलट घडतं. सातबारा खिशात घालून मालक चार माणसं आणि एक ट्रॅक्टर घेऊन जातो, कापूस किंवा सोयाबीन मोडतो आणि त्याला वाटतं की आपण आपल्याच वावरात गेलो. पुढे तोच आरोपी होतो. वर्षानुवर्षं रखडलेला मालकीचा न्याय एका सकाळी ट्रॅक्टरने मिळवण्याचा मोह मी समजू शकतो. पण त्या एका सकाळमुळे चांगल्या बाजूचं फार मोठं नुकसान होतं, म्हणून हे कळकळीने सांगतो आहे.

स्थिर ताब्यातल्या माणसाला, त्याला तिथे राहण्याचा हक्क नाही असं गृहीत धरलं तरी, कायद्याच्या मार्गाशिवाय हटवता येत नाही. हे सर्वोच्च न्यायालयाने मुंबई उच्च न्यायालयाकडून आलेल्या एका प्रकरणात १९८९ मध्ये सांगितलं आणि पुढे २००३ मध्ये पक्कं केलं. २०१९ मध्ये दुसरी बाजूही स्पष्ट केली: अधूनमधून केलेल्या सुट्या कृती म्हणजे स्थिर ताबा नव्हे. दोन वर्षं गुरं चारली, एकदा धुऱ्यावर तुरी टोबल्या, एवढ्याने ताबा होत नाही.

ताबा टिकवायचा असेल तर : मनाई हुकूम

तालुक्याच्या दिवाणी न्यायालयात कायम मनाई हुकुमाचा दावा लावायचा आणि त्याच दिवशी तात्पुरत्या मनाई हुकुमाचा अर्ज द्यायचा. अर्जावर न्यायालय तीन गोष्टी पाहतं: तुमची बाजू वरकरणी तरी खरी दिसते का, हुकूम न दिल्यास जास्त त्रास कोणाला होईल, आणि होणारं नुकसान पैशाने भरून निघेल का.

घाई असेल तर समोरच्याला नोटीस निघण्याआधीही हुकूम मिळू शकतो. मात्र तो घेतल्यावर समोरच्याला लगेच कागदपत्रं पाठवावी लागतात आणि ते पाठवल्याचं शपथपत्र द्यावं लागतं. हे राहिलं तर हुकूम उठू शकतो. हे काम कारकुनावर सोपवून मोकळे होऊ नका.

दावा कोणत्या स्वरूपाचा लावायचा हे सर्वोच्च न्यायालयाच्या २००८ च्या एका निकालाने सोपं केलं आहे. ताबा तुमचा असून मालकीबद्दल खरा वाद नसेल तर नुसता मनाई हुकूम मागा. मालकीवरच समोरच्याने गंभीर वाद उभा केला असेल तर मालकी जाहीर करून मागणं त्याच दाव्यात जोडा. आणि ताबा गेलेलाच असेल तर मनाई हुकूम मागू नका, ताबा मागा. ताबा गेल्यावर मनाईचा दावा लावून दोन-तीन वर्षं घालवणं ही नेहमी दिसणारी चूक आहे. दावा चालू असताना ताबा गेला तर दाव्यात लगेच दुरुस्ती करून घ्या.

वाद धुऱ्याचा असेल, म्हणजे शेजाऱ्याने चार तास (ओळी) धुरा सरकवला असेल, तर भूमी अभिलेख कार्यालयाकडून मोजणी करून घेतल्याशिवाय पुढे जाऊ नका. मोजणीच्या नकाशाशिवाय कुठला भाग कोणाच्या ताब्यात आहे हे न्यायालयाला कळणारच नाही. गरज पडली तर जागा पाहायला कोर्ट कमिशनर नेमण्याचा अर्जही देता येतो.

ताबा गेला असेल तर : दोन महिने, सहा महिने, बारा वर्षं

या तीन मुदती भिंतीवर लिहून ठेवाव्यात अशा आहेत.

१. दोन महिने. जमिनीच्या ताब्यावरून मारामारी होण्याचा संभव असेल तर कार्यकारी दंडाधिकाऱ्यांकडे भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १६४ खाली कारवाई होते. १ जुलै २०२४ आधी हेच कलम फौजदारी प्रक्रिया संहितेत १४५ क्रमांकाने होतं आणि जुने लोक अजून ‘एकशे पंचेचाळीस’ म्हणूनच ते ओळखतात. पोलिसांचा अहवाल किंवा माहिती मिळण्याआधीच्या दोन महिन्यांत ज्याला बेकायदा हुसकावलं असेल, त्याला ताब्यातच धरून दंडाधिकारी हुकूम देऊ शकतात. दंडाधिकारी मालकी पाहत नाहीत. ताबा कोणाचा हे ठरवता आलं नाही तर कलम १६५ खाली जमीन जप्त करून ठेवता येते. एक लक्षात घ्या: त्याच जमिनीबद्दल दिवाणी न्यायालयात दावा चालू असेल आणि तिथे ताब्याचा हुकूम झाला असेल तर हा मार्ग सहसा बंद होतो.

२. सहा महिने. स्पेसिफिक रिलीफ ॲक्ट, १९६३ चं कलम ६ हा या लेखाचा कणा आहे. तुमच्या संमतीशिवाय आणि कायद्याचा मार्ग सोडून तुम्हाला हुसकावलं असेल तर सहा महिन्यांच्या आत दावा लावा. न्यायालय फक्त दोन गोष्टी पाहील: ताबा तुमचा होता का, आणि तो बेकायदा काढला का. समोरच्याने खरेदीखत दाखवलं तरी या दाव्यात त्याचा उपयोग नाही. त्याला मालकी सांगायची असेल तर त्याने स्वतंत्र दावा लावावा. या निकालावर अपील नाही, उच्च न्यायालयाकडे फक्त पुनरीक्षण मागता येतं. २०१८ च्या दुरुस्तीनंतर, भाडेकरूला तिसऱ्याच माणसाने हुसकावलं तर त्या भाडेकरूमार्फत ताबा असलेल्या घरमालकालाही हा दावा लावता येतो. हा दावा सरकारविरुद्ध मात्र चालत नाही.

शेतजमीन, चराई, झाडं, पीक किंवा विहिरीचं पाणी यांचा ताबा गेला असेल तर आणखी एक स्वस्त आणि जवळचा मार्ग आहे: मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६. त्याच्या कलम ५ खाली तहसीलदारांकडे दाद मागता येते. मुदत तीच, सहा महिने. तहसीलदार ताबा परत देऊ शकतात, वाटेतला अडथळा काढू शकतात. त्यांच्या हुकुमावर जिल्हाधिकाऱ्यांकडे पुनरीक्षण आहे आणि दिवाणी न्यायालयाचा निकाल पुढे वेगळा लागला तर तो वरचढ ठरतो. वकील परवडत नसणाऱ्या शेतकऱ्याने हा मार्ग आधी पाहावा.

३. बारा वर्षं. सहा महिने हुकले तरी आधीच्या ताब्याच्या जोरावर, हुसकावल्यापासून बारा वर्षांत दावा लावता येतो. फरक एवढाच की आता समोरचा आपली मालकी पुढे करू शकतो, आणि ती सिद्ध झाली तर तुम्ही हराल. समोरच्याकडेही मालकी नसेल तर आधीचा ताबा तुम्हाला जिंकून देतो. मालकीच्या आधारे लावायच्या दाव्यालाही, समोरच्याचा ताबा तुमच्या विरोधात सुरू झाल्यापासून, बारा वर्षांचीच मुदत आहे.

ताबा गेल्याच्या पहिल्या दोन-तीन दिवसांत हे एवढं करा:

- पोलीस ठाण्यात लेखी अर्ज द्या आणि पोच घ्या. किती तारखेला, किती वाजता, कोण आलं, काय मोडलं हे त्यात लिहा. सहा महिने याच तारखेपासून मोजले जाणार आहेत.
- वावराचे, मोडलेल्या पिकाचे, नव्या कुंपणाचे फोटो तारीख व ठिकाण दिसेल असे काढा.
- धुऱ्याला धुरा लागून असलेल्या शेतकऱ्यांपैकी कोणी प्रत्यक्ष पाहिलं हे लिहून ठेवा.
- परत जाऊन जबरदस्तीने ताबा घेऊ नका. रात्री शिरलेल्याला सकाळी लगेच अडवणं कायद्याला मान्य आहे, पण तो बसल्यावर पंधरा दिवसांनी माणसं घेऊन जाणं मान्य नाही.

‘हा दिवाणी वाद आहे’ असं पोलीस म्हणाले तर?

अर्धं खरं म्हणाले. ताबा कोणाचा हे पोलीस ठरवू शकत नाहीत, आणि सातबारा दाखवून कोणाला बाहेर काढणं हे त्यांचं काम नाही. पण मारहाण, पिकाची नासाडी किंवा भारतीय न्याय संहितेच्या कलम ३२९ मधला गुन्हेगारी स्वरूपाचा अतिक्रमप्रवेश झाला असेल तर तक्रार नोंदवून घेणं त्यांचं कर्तव्य आहे, मग मूळ वाद दिवाणी असो वा नसो. ठाण्यात नोंद झाली नाही तर पोलीस अधीक्षकांना लेखी कळवा आणि तरीही काही झालं नाही तर न्यायदंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करा.

ताब्याचा पुरावा

‘ताबा माझा आहे’ हे एक वाक्य दाव्यात लिहून काही होत नाही. ताबा कधीपासून, कसा आला, कोणी दिला, दर वर्षी काय पेरलं हे तपशिलाने लिहावं लागतं. उपयोगी पडतात ते कागद असे:

- गाव नमुना १२ मधील पीकपाहणीच्या मागच्या वर्षांच्या नोंदी
- कापूस किंवा सोयाबीन विकल्याच्या बाजार समितीच्या पावत्या, पीककर्ज आणि पीकविमा
- कृषी पंपाचं वीजबिल, विहीर किंवा बोअर खोदल्याचं बिल
- घर असेल तर ग्रामपंचायत किंवा नगर परिषदेची कर पावती, शिधापत्रिका, मतदार यादीतील पत्ता
- शेजारच्या शेतकऱ्यांची साक्ष

यात एक खाच आहे. २०२१ पासून ई-पीक पाहणी शेतकरी स्वतः मोबाइलवर करतो आणि ती खातेदाराच्या नावाने होते. म्हणजे बटईने किंवा मक्त्याने वावर वाहणाऱ्याचं नाव तिथे येतच नाही, आणि प्रत्यक्षात वावराला पाय न लावणारा खातेदार आपल्या नावाने पीक नोंदवून मोकळा होतो. त्यामुळे खातेदार नसलेल्यांनी पावत्या आणि साक्षी यांच्यावरच भर द्यावा. खातेदारांनी आपली पाहणी दर हंगामात चुकवू नये.

सातबाऱ्यावरची नोंद खरी आहे असं गृहीत धरलं जातं, विरुद्ध पुरावा येईपर्यंत. पण ही नोंद महसुलासाठी असते. नुसत्या फेरफाराने कोणी मालक होत नाही आणि कोणाची मालकी जातही नाही. वारसाचा फेरफार भावांनी परस्पर करून घेतला म्हणून बहिणीचा हिस्सा संपत नाही. सहहिस्सेदारांमध्ये एकाचा ताबा हा सगळ्यांचा ताबा मानला जातो. अशा वादात कलम ६ किंवा मनाई हुकूम यांच्या मागे लागण्यापेक्षा वाटणीचा दावा लावणं शहाणपणाचं.

बटईदार, राखणदार, नातेवाईक

आपल्या गावांत अर्धे व्यवहार शब्दावर होतात. ते चांगलं आहे की वाईट यात मी शिरत नाही, पण न्यायालयात त्याची किंमत मोजावी लागते.

मालकाने जागा सांभाळायला दिलेला राखणदार, नोकर किंवा नातेवाईक कितीही वर्षं राहिला तरी त्याचा ताबा हा मालकाचाच ताबा मानला जातो. गोव्यातल्या एका बहीण-भावाचं प्रकरण यासाठी वाचावं असं आहे. घर बहिणीचं होतं, भाऊ तिथे राहत होता. भावाने बहिणीविरुद्ध कलम ६ चाच दावा लावला आणि खालच्या न्यायालयांत जिंकलाही. २०१२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल फिरवला आणि सांगितलं की दुसऱ्यासाठी जागा सांभाळणाऱ्याला, ती कितीही वर्षं सांभाळली तरी, त्या जागेत हक्क मिळत नाही. कलम ६ वर विसंबून बसलेल्या प्रत्येकाने आधी हा प्रश्न स्वतःला विचारावा: मी आत कसा आलो? कोणाच्या परवानगीने?

प्रतिकूल कब्जाचंही असंच. बारा वर्षं वाहिलं की जमीन आपली झाली, ही गावातली सगळ्यांत घट्ट बसलेली गैरसमजूत आहे. ताबा उघड, सलग आणि मालकाच्या हक्काला नाकारून केलेला असावा लागतो. ज्याने बटईने घेतलं, दर वर्षी हिस्सा दिला, त्याने चाळीस वर्षं वाहिलं तरी तो प्रतिकूल कब्जा नव्हे. खरोखर तसा कब्जा असेल तर मात्र सर्वोच्च न्यायालयाच्या २०१९ च्याच दुसऱ्या एका निकालानंतर तुम्ही स्वतः वादी होऊनही तो हक्क मागू शकता.

बटईदार ‘मी कूळ आहे’ असं म्हणत असेल तर तो प्रश्न दिवाणी न्यायालय स्वतः ठरवत नाही. विदर्भासाठीच्या १९५८ च्या कूळकायद्याखाली तो महसूल अधिकाऱ्यांकडे जातो. त्यामुळे दोन्ही बाजूंनी दर हंगामाचा साधा लेखी करार करावा: गट क्रमांक, क्षेत्र, हंगाम, हिस्सा, ताबा परत देण्याची तारीख, दोन साक्षीदार.

भद्रावतीसारख्या वाढत्या गावात प्लॉट इसारपत्रावर घेऊन ताबा घेणारेही पुष्कळ आहेत. करारावर ताबा घेतलेल्या खरेदीदाराला मालमत्ता हस्तांतरण कायद्याचं कलम ५३-अ संरक्षण देतं, पण २४ सप्टेंबर २००१ नंतरच्या कराराची नोंदणी झालेली असेल तरच. नोटरीसमोर केलेली स्टॅम्प पेपरवरची कब्जापावती तेवढं काम करत नाही.

जिथे हे संरक्षण तोकडं पडतं : कोळसा, झुडपी जंगल, वनजमीन

चंद्रपूर आणि गडचिरोलीत राहणाऱ्यांसाठी हा भाग सगळ्यांत महत्त्वाचा, कारण इथले निम्मे वाद शेजाऱ्याशी नसून सरकारशी किंवा सरकारी कंपनीशी असतात.

*कोळशाची जमीन.* भद्रावती तालुक्यात वेस्टर्न कोलफील्ड्सचं माजरी क्षेत्र आहे. कोळसाधारी क्षेत्र (संपादन व विकास) अधिनियम, १९५७ खाली कलम ९ ची अधिसूचना राजपत्रात आली की जमीन सर्व हक्कांतून मोकळी होऊन केंद्र सरकारकडे जाते. प्रत्यक्ष ताबा लेखी नोटीस देऊन नंतर घेतला जातो. म्हणजे तुम्ही वावर वाहत असता आणि मालकी आधीच गेलेली असते. मधल्या काळात ‘ताबा माझा आहे’ म्हणून मनाई हुकूम मिळण्याची आशा फार थोडी. तिथे शक्ती घालवायची ती मोबदला, उभ्या पिकाची भरपाई, पुनर्वसन आणि नोकरीच्या हक्कावर. मोबदल्याचा वाद त्याच कायद्याखालच्या न्यायाधिकरणात जातो. नोटीस न देता यंत्रं घातली तर मात्र जरूर दाद मागा. संपादन कायदेशीर असलं तरी ताबा घेण्याची पद्धतही कायदेशीर असावी लागते.

*संपादित पण पडून राहिलेली जमीन.* १९९० च्या दशकात भद्रावतीजवळ निप्पॉन डेन्रो कंपनीच्या वीज प्रकल्पासाठी जमीन घेतली गेली आणि प्रकल्प उभा राहिलाच नाही. अशा जागी ‘जमीन पडीक आहे, म्हणून ती परत माझी’ हा विचार स्वाभाविक आहे, आणि त्यामागचा संताप योग्यही आहे. पण सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायाधीशांच्या पीठाने ६ मार्च २०२० ला सांगितलं की जुन्या भूसंपादन कायद्याखालचं संपादन २०१३ च्या नव्या भूसंपादन कायद्यामुळे रद्द ठरायला दोन्ही गोष्टी हव्यात: ताबाही घेतलेला नसावा आणि मोबदलाही दिलेला नसावा. शिवाय मोकळ्या जमिनीचा ताबा पंचनामा करून घेतला की तो घेतलाच असं धरलं जातं. त्यानंतर तिथे कोणी पेरत राहिलं तरी तो ताबा कायद्याला मान्य नाही. म्हणून अशा जमिनीत विहीर खोदण्याआधी, घर बांधण्याआधी पंचनाम्याची आणि मोबदल्याच्या निवाड्याची प्रत माहिती अधिकारात मागवा.

*झुडपी जंगल.* पूर्व विदर्भातल्या नागपूर, वर्धा, भंडारा, गोंदिया, चंद्रपूर आणि गडचिरोली या सहा जिल्ह्यांत महसूल दप्तरी ‘झुडपी जंगल’ म्हणून नोंदलेल्या जमिनींवर घरं, शाळा, शेती आहे. २२ मे २०२५ ला सर्वोच्च न्यायालयाने या जमिनी वनच आहेत असं सांगितलं. त्याच वेळी १२ डिसेंबर १९९६ पर्यंत सक्षम अधिकाऱ्याने दिलेल्या जमिनींसाठी राज्याने केंद्राची मंजुरी घेऊन त्या नियमित करण्याची वाट ठेवली. तुमच्या सातबाऱ्यावर हा शब्द असेल तर शोधायची गोष्ट एकच: वाटपाचा जुना आदेश आणि त्यावरची तारीख. आदेश सापडत नसेल तर तहसील कार्यालयाच्या अभिलेख कक्षात आजच अर्ज करा.

*वनजमीन.* इथे कलम ६ चालत नाही, पण त्याहून मजबूत संरक्षण आहे. वनहक्क कायदा, २००६ चं कलम ४(५) सांगतं की हक्काची पडताळणी पूर्ण होईपर्यंत वनजमिनीवरच्या कोणत्याही अनुसूचित जमातीच्या किंवा इतर पारंपरिक वननिवासी कुटुंबाला हटवता येणार नाही. त्यासाठी:

- जमीन १३ डिसेंबर २००५ आधीपासून तुमच्या ताब्यात असावी. इतर पारंपरिक वननिवासींना त्या तारखेपूर्वी तीन पिढ्या, म्हणजे ७५ वर्षं, तिथे राहत असल्याचं दाखवावं लागतं.
- दावा ग्रामसभेच्या वनहक्क समितीकडे द्या आणि पोच जपून ठेवा. वन कर्मचारी आले तर पहिली गोष्ट ती पोच दाखवा.
- फक्त दंडाच्या पावत्याच पुरावा असतात असं नाही. बांध, बांध्या, जुनी विहीर, घराचा पाया, वडीलधाऱ्यांचं लिहून घेतलेलं निवेदनही चालतं.
- दावा फेटाळला तर लेखी कारण मागा. साठ दिवसांत वरच्या समितीकडे दाद मागता येते.
- मिळणारा पट्टा पती-पत्नी दोघांच्या नावाने होतो, वारसांना जातो, पण विकता येत नाही. असा पट्टा कोणी विकत असेल तर घेऊ नका.

गडचिरोलीतल्या मेंढा (लेखा) गावाला २००९ मध्ये याच कायद्याखाली सामूहिक वनहक्क मिळाला. एकट्याच्या ताब्यापेक्षा ग्रामसभेचा दावा किती भक्कम ठरतो हे आपल्याच भागात दिसलं आहे, म्हणून वैयक्तिक दाव्यासोबत सामूहिक दाव्याचाही विचार गावात व्हायला हवा.

*आदिवासींची जमीन.* हे बिगर आदिवासी वाचकांसाठी. आदिवासी खातेदाराची जमीन तुम्ही शब्दावर, गहाण म्हणून किंवा साध्या कागदावर घेतली असेल तर वर्षानुवर्षांचा ताबा तुम्हाला वाचवणार नाही. जमीन महसूल संहितेच्या कलम ३६ आणि ३६-अ खाली परवानगीशिवाय झालेला व्यवहार रद्द होऊन जमीन मूळ मालकाला परत जाते. आदिवासींच्या जमिनी परत देण्यासाठीच्या १९७४ च्या कायद्यांचा हेतूच तो होता. आणि आदिवासी वाचकांनो, तुमची जमीन अशी गेली असेल तर दिवाणी दावा नव्हे, जिल्हाधिकारी किंवा उपविभागीय अधिकाऱ्यांकडे जमीन परत मिळण्याचा अर्ज हा तुमचा मार्ग आहे.

घर आणि खोली

थोडक्यात एवढंच. भाडेकरूला कुलूप लावून बाहेर काढता येत नाही, आणि महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायद्याच्या कलम २९ मुळे त्याचं पाणी किंवा वीज तोडताही येत नाही. घरमालकांनी करार नोंदवून घ्यावा. लिव्ह अँड लायसन्सची मुदत संपल्यावर नोंदणीकृत कराराच्या जोरावर राहती जागा लवकर परत मिळते.

विवाहित स्त्रीला सासरच्या घरातून बाहेर काढलं जात असेल तर घर कोणाच्या नावावर आहे हे महत्त्वाचं नाही. कौटुंबिक हिंसाचार प्रतिबंधक कायदा, २००५ च्या कलम १७ आणि १९ खाली तिला त्या घरात राहण्याचा हक्क आहे, आणि २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सासूसासऱ्यांच्या मालकीच्या घरालाही तो लागू होऊ शकतो असं सांगितलं आहे. तालुक्याच्या संरक्षण अधिकाऱ्यांकडे अर्ज करा.

हुकूम हातात आल्यावर

मनाई हुकुमाची सही-शिक्क्याची प्रत समोरच्याला आणि पोलीस ठाण्याला द्या, पोच घ्या. हुकूम मोडला तर त्याच न्यायालयात अर्ज करा. मोडणाऱ्याची मालमत्ता जप्त होऊ शकते आणि त्याला तीन महिन्यांपर्यंत दिवाणी तुरुंगात ठेवता येतं.

ताब्याचा हुकूमनामा मिळाला तरी स्वतः जाऊन कुलूप तोडू नका. दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज, दाखल करा. बेलीफ पंचांसमोर ताबा देईल, त्याची ताबापावती घ्या, गरज असेल तर पोलीस बंदोबस्ताचा हुकूम मागा. तिसराच कोणी अडवायला आला तर त्याचा हक्कही दरखास्तीतच ठरतो, नवा दावा लागत नाही.

समोरचा आपल्याविरुद्ध एकतर्फी हुकूम आणेल अशी शंका असेल तर आधीच कॅव्हेट, म्हणजे ‘मला ऐकल्याशिवाय हुकूम देऊ नये’ असा अर्ज, दाखल करा. ती नव्वद दिवस चालते, नंतर पुन्हा द्यावी लागते. सरकारविरुद्ध दावा लावायचा असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० ची दोन महिन्यांची नोटीस लागते, पण बुलडोझर दारात उभा असेल तर न्यायालयाच्या परवानगीने नोटीस न देताही दावा दाखल करता येतो.

वकिलाचा खर्च हे थांबण्याचं कारण होऊ देऊ नका. स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातीचे लोक, अपंग व्यक्ती आणि औद्योगिक कामगार यांना उत्पन्न न पाहता विनामूल्य वकील मिळतो, इतरांना उत्पन्नाच्या मर्यादेत. तालुका विधी सेवा समितीचं कार्यालय न्यायालयाच्या आवारातच असतं, आणि १५१०० या क्रमांकावर फोन करूनही विचारता येतं. जाताना सातबारा, पोलिसांकडच्या अर्जाची पोच आणि ताबा कोणत्या तारखेला गेला हे लिहिलेला एक कागद सोबत न्या. सहा महिने भरायला किती दिवस उरले आहेत हे तिथल्या वकिलाला पहिल्याच वाक्यात सांगा.